खिळ्याची लांबी

महिना तिसरा, दिवस पंधरावा. पीठवाल्यांचा.

मिठागरातून आज सूर्यास्तापर्यंत अकरा प्रेतं निघाली. तिघांना मी स्वतः ओढून काढलं. आठ पुरुष, दोन बाया आणि एक तान्हं. तान्हं आईच्या पोटाशी फडक्यानं बांधलेलं होतं. गाठ भिजून इतकी घट्ट बसली होती की कापावी लागली. खेकड्यांनी पापण्या खाल्ल्या होत्या. असलं लिहू नये म्हणतात, पण मी जे पाहतो ते मोजतो आणि जे मोजतो ते लिहितो. अकरा.

पौर्णिमेचं उधाण काल आलं, चौदाव्याला. मनोऱ्यावरच्या पाटीप्रमाणे ते आज यायला हवं होतं, म्हणून काल समुद्राकडची दारं सताड उघडी होती. समुद्राला पाटी वाचता येत नाही.

जुना पाटीवाला गेल्या वर्षाच्या शेवटी मेला. त्यानंतर दोन महिने कारभाऱ्यांचा कारकून पाट्या बदलत होता. चंद्र पाटीच्या एक दिवस पुढे गेलाय, हे मी पंधरवड्यापूर्वी चौकात उभं राहून सांगितलं होतं. "तू भिंगं घास," असं एक मीठवाला म्हणाला आणि सगळे हसले. आज मी ओढलेल्या तिघांतला दुसरा तोच. वाईट वाटलं. थोडं बरंही वाटलं. हे इथे लिहितो, कारण ही वही माझी आहे, दुसरं कुणी वाचणार नाही.

दिवस सतरावा. काचवाल्यांचा.

कारभाऱ्यांनी मला मनोऱ्यावर नेमलं. नेमणूक नेमकी माझ्याच घराच्या दिवशी झाली, आणि त्याच क्षणी ते घर माझं राहिलं नाही. पाटीवाल्याला घर नसतं, दिवस नसतो. शाळेचं तोंड न पाहिलेला, भिंगं घासता घासता आकाश शिकलेला माणूस आज मनोऱ्यावर आहे. लोक 'पाटीवाला' म्हणतात. मी दारावर 'कालमापक' असं लिहून घेतलं आहे.

ही म्हणाली, "अहो, लिहा काहीही. लोक पाटीवालाच म्हणणार."

काम सांगायला सोपं आहे. गावात तीस घरं, म्हणजे तीस धंदे, आणि महिन्याला तीस दिवस. सूर्य पश्चिमेच्या डोंगराच्या खाचेत गेला की कालच्या घराची पाटी उतरवायची, आजच्या घराची चढवायची. ज्याची पाटी, त्याचा दिवस. त्या दिवशी पाटाचं पाणी ते घर सोडतं, न्यायाला ते बसतं, आपली लग्नं लावतं आणि आपले मेलेले पुरतं. दिवस येईपर्यंत प्रेत मिठात ठेवायचं. पहिला दिवस मीठवाल्यांचा. ते अकरा जण तोवर आपल्याच मिठात राहतील. एकोणतिसावा वीटवाल्यांचा. तिसावा दोरवाल्यांचा, हिचं माहेर तेच.

आज सामानाची मोजदाद केली. पाट्या तीस, लाकडी, जाडी तीन बोटं. तिसांच्या तिसांवर तोंडाच्या बाजूनं ओरखडे आहेत. पाटी भिंतीला घासते ती पाठीकडून. तोंड कशाला घासलं, ते म्हाताराच जाणे. खिळा एक, लोखंडी, भिंतीबाहेर नऊ बोटं! तीन बोटांच्या पाटीला नऊ बोटांचा खिळा. यावरून मागच्या माणसाच्या कामाची कल्पना यावी.

त्याची नोंदवही त्याहून वाईट. गेल्या पाच वर्षांत तीस दिवस गाळले आहेत. ना टीप, ना कारण. एकदा रंगवाल्यांचा, एकदा नाववाल्यांचा, प्रत्येक घराचा एकेकदा. गाळण्यात त्यानं पक्षपात केला नाही, एवढंच त्याच्या बाजूनं म्हणता येईल.

दिवस विसावा. चाकवाल्यांच्या सोयऱ्यांचा, म्हणजे कातडीवाल्यांचा.

खिळा कापला. सकाळपासून दुपारपर्यंत कानस चालवली. आता भिंतीबाहेर बरोबर चार बोटं: तीन पाटीला, एक आधाराला. कापलेला तुकडा कागदांवर दाबायला ठेवला आहे.

ही डबा घेऊन आली होती. तुकडा बघून जिन्यातच थांबली. "त्या खिळ्याला कशाला हात लावलात?"

"जास्त होता."

"इतकी वर्षं होता की."

हिच्याशी मोजमापावर बोलण्यात अर्थ नाही.

दिवस बाविसावा. पखालवाल्यांचा.

मेहुणा जेवायला आला. हिचा धाकटा भाऊ, दोरवाल्यांत सगळ्यात लांब दोर वळणारा. दोर वळणारा उलट्या पावलांनी चालतो. याची सवय इतकी जडलेली की आमच्या घरातून निघतानासुद्धा बोलत बोलत मागे मागे जातो आणि उंबऱ्याला अडखळत नाही. कमरेला नेहमीचा टोचा, दोराचे पेड उसवायचा.

"भावोजी, आता घरचाच माणूस मनोऱ्यावर. आमचा दिवस जरा ताणा की. दोन सूर्यास्तांचा करा."

"दिवस म्हणजे तुझा दोर नाही."

"दोर परवडला. ओढला तर सांगतो तरी, तुटणार म्हणून."

मग दोघं भावंडं जुन्या आठवणी काढत बसली. म्हातारा पाटीवाला यांच्याकडे जेवायला यायचा. "पाच वर्षांतून एकदा," ही म्हणाली, "दुपारी यायचे. आई ताटापुढे दिवा ठेवायची. ते गेले की दार लावायचं, ते दुसऱ्या दिवशी सूर्य बुडाल्यावर उघडायचं. कुणी विचारलं तर सांगायचं, घरात सगळ्यांना ताप आहे. मला तर कधीच ताप नव्हता."

"मलाही नव्हता," मेहुणा म्हणाला. "मी भिंतीवरून उडी मारून पळालो होतो. आईनं दोरानं झोडलं."

म्हातारा फुकटचं जेवत हिंडायचा, हे सगळ्या गावाला ठाऊक आहे. जिथे जेवला तिथे रोग ठेवून गेला असावा. हात धूत नसेल.

दिवस सव्विसावा. तेलवाल्यांचा.

आज तीस घरांच्या थोरल्यांपुढे बोललो. आयुष्यातलं सगळ्यात चांगलं बोलणं. चंद्राचा फेरा साडेएकोणतीस दिवसांचा, हे मी सात वर्षांच्या नोंदींवरून दाखवलं. म्हाताऱ्याला रोग कळला होता, औषध कळलं नव्हतं. तो मनाला येईल तेव्हा, मनाला येईल तो दिवस चोरून गाळायचा. मी चोरणार नाही. नियम उघड असेल: एक महिना एकोणतीसचा, एक तीसचा. या महिन्यात तिसावा दिवस नाही. पुन्हा मिठागरात कुणी बुडणार नाही.

मीठवाल्यांचा थोरला रडला. कारभाऱ्यांनी मान हलवली.

वीटवाल्यांच्या थोरल्या बाई उठल्या. सत्तरीच्या आहेत, भट्टीच्या धगीनं भुवया कायमच्या गेलेल्या. त्यांनी विचारलं, "तुम्ही कुणाकडे जेवलात?"

"मी घरून जेवून आलोय," मी म्हणालो.

कुणी हसलं नाही. बाईंचं वय झालं आहे.

मग दोरवाल्यांचा थोरला, म्हणजे माझा सासरा, बसल्या जागेवरून म्हणाला, "आम्हीच का?"

"कारण तुम्ही शेवटी आहात."

कारकुनानं जुना कायदा वाचला: ज्या घराची पाटी खिळ्यावर चढली नाही, ते घर मोडलं. त्याचा दिवस, पाणी आणि न्याय शेजारच्या घराकडे जाईल. मोडलेलं घर पुन्हा उभं राहायला शेजारच्या घराची हरकत नसावी. शेजारी म्हणजे वीटवाले.

मी म्हणालो की कायदा माणसांनी केला आहे, चंद्र माणसांनी केलेला नाही. कायदा नंतर दुरुस्त करता येईल. सगळ्यांनी ऐकून घेतलं. ऐकून घेतलं म्हणजे पटलं असणार.

ही रात्री जेवली नाही.

दिवस एकोणतिसावा. वीटवाल्यांचा.

क्रमानं लिहितो.

सूर्यास्ताच्या आधी दोरवाले मनोऱ्याखाली जमले. मी मोजले तेव्हा चौतीस. त्यांनी आपली पाटी माझ्या खोलीतून सकाळीच उचलून नेली होती. ती आता मेहुण्याच्या डोक्यावर होती. "भावोजी, चढवा," तो ओरडला. "एवढीच, मग नका चढवू वर्षभर. आज चढवा."

मी वरून सांगितलं की आता सूर्य बुडला की पहिला दिवस, मीठवाल्यांचा.

तेवढ्यात वीटवाले आले. पुढे थोरल्या बाईंचा धाकटा मुलगा. तो हसत होता. "घर मोडलं रे! उद्यापासून तुमच्या पाटात आमच्या विटा भिजतील." त्यानं मेहुण्याच्या डोक्यावरची पाटी ओढली, पायरीवर टेकवली आणि तिच्यावर लाथ मारली. पाटी तुटली नाही. दुसरी लाथ मारताना मेहुण्याचा हात कमरेला गेला.

टोचा धाकट्याच्या गळ्यात उजवीकडून शिरला आणि डावीकडे कानाखाली निघाला. आवाज झाला नाही. धाकट्यानं दोन्ही हातांनी गळा धरला आणि बोटांतून रक्त इतक्या जोरात आलं की मेहुण्याचा चेहरा दिसेना. धाकटा पायऱ्यांवरून बसत बसत खाली गेला, एकेक पायरी, जणू शोधत काहीतरी. सतरा पायऱ्या. सतराव्या पायरीवर त्याचे पाय हलायचे थांबले. मग सगळेच एकमेकांवर धावले. विटा, काठ्या, दात. एका दोरवाल्याचा कान मी पायरीवर पाहिला.

मी मीठवाल्यांची पाटी वेळेवर चढवली.

महिना चौथा, दिवस पहिला. मीठवाल्यांचा.

सकाळी अकरा जणांना पुरलं. दुपारी मीठवाले न्यायाला बसले. प्रश्न एकच: खून कुणाच्या दिवशी झाला? सूर्य खाचेत जाण्याआधी झाला असेल तर तो वीटवाल्यांचा दिवस, आणि न्याय वीटवाले करतील. नंतर झाला असेल तर मीठवाल्यांचा. ते मारत नाहीत, समुद्रापलीकडे धाडतात. मेहुण्याला घर नाही, म्हणून त्याच्या बाजूनं कुणी बसलं नव्हतं.

सूर्याचा साक्षीदार एकच. मी.

मेहुण्याला खांबाला बांधलं होतं, दोर दोरवाल्यांच्याच पडवीतला. चेहऱ्यावरचं रक्त कुणी धुतलं नव्हतं. माझ्याकडे बघून तो म्हणाला, "भावोजी, नीट आठवा हं. घाई नाही."

मी सांगितलं: सूर्याची कड खाचेच्या अर्धं बोट वर होती. वीटवाल्यांचा दिवस.

इथे खरं लिहितो. टोचा आत गेला तेव्हा मी सूर्याकडे बघत नव्हतो. मी खाली बघत होतो. नंतर भिंगाच्या नळीला डोळा लावला तेव्हा सूर्य खाचेत पुरता गेला होता. पायऱ्यांवरून धाकटा किती वेळ उतरला ते धरून मी मागे मोजत गेलो. हिशेब पाहण्याहून पक्का असतो. अर्धं बोट. फार तर पाव.

बाहेर आलो तेव्हा ही दाराशी उभी होती. "तुम्हाला अर्धं बोट सोडता आलं नाही?"

"जे आहे ते मी बदलू शकत नाही."

तिनं माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी दुसऱ्या कुणाचं तरी वाक्य बोललो. मग घरी न येता माहेरी गेली.

दिवस बारावा. शिंप्यांचा.

विटांची गाडी पहाटे नदीवरच्या उताराला लागली तेव्हा दोन झाडांमध्ये गळ्याच्या उंचीला दोर ताणलेला होता. काळा रंगवलेला. गाडीवर दोघे उभे होते. एकाचं डोकं मागे लोंबत होतं, कातड्यावर. दुसरा दुपारपर्यंत जिवंत होता, बोलू शकत नव्हता. गाडी तशीच बाजारात आली, बैलांना रस्ता माहीत असतो.

दोराची उंची मोजायला मी गेलो होतो. कशाला गेलो, सांगता येत नाही. पाच हात, दोन बोटं. असा अंदाज ज्याला आला तो उत्तम कारागीर असणार.

घरी मीच भात केला. करपला.

दिवस एकोणतिसावा. वीटवाल्यांचा.

सकाळी त्यांनी धाकट्याला पुरलं. दुपारी मेहुण्याचा न्याय झाला. वीटवाल्यांची शिक्षा अशी: भट्टीचं अंगण या टोकापासून त्या टोकापर्यंत चालायचं, आणि घरातल्या प्रत्येकानं एक वीट मारायची. पार झालात तर सुटलात. आजवर एकजण पार झाला होता म्हणतात.

मी हजर राहणं कायद्यानं भाग होतं. वीटवाले एकेचाळीस.

मेहुण्याला सोडलं तेव्हा त्यानं अंगणाच्या टोकाला पाठ केली, विटांकडे तोंड केलं आणि उलट्या पावलांनी चालायला लागला. हात पुढे, दोर वळताना धरतात तसे. पहिली वीट थोरल्या बाईंची, मान त्यांचाच. दहा हातांवरून फेकली आणि दोन हात बाजूला गेली. वय झालं, नेम राहिला नाही. पुढच्यांचा होता. सातवी गुडघ्यावर बसली, अकरावी तोंडावर. त्यानं दात थुंकले आणि "अरे, ओली वीट मारा, भाजलेली वाया कशाला घालवता?" असं म्हणाला, नीट कळलं नाही, पण तो विनोद होता. तेविसावीला पडला. रांगत, तरीही उलटाच, आणखी तीन पावलं गेला. मग त्याचं डोकं नव्हतं म्हणायला हरकत नाही. उरलेल्यांनी जवळ जाऊन मारल्या. बत्तीस लागल्या, नऊ चुकल्या.

अंगण चौसष्ट पावलांचं आहे. तो एकेचाळीस चालला.

ही दाराबाहेर होती. तिनं त्याला फडक्यात गोळा केलं. मी मदतीला वाकलो तर म्हणाली, "मोजून झालं ना? मग जा."

दिवस तिसावा.

हे डाव्या हातानं लिहितो आहे. अक्षराबद्दल माझी मलाच लाज वाटते.

या महिन्यात तिसावा दिवस आहे, नियम माझाच. पण मोडलेल्या घराची पाटी चढवता येत नाही, म्हणून कारभाऱ्यांनी हा दिवसही वीटवाल्यांना दिला. मी म्हणालो, माझ्या नियमात असं कुठेही नाही. ते म्हणाले, "तुमचा नियम चंद्रासाठी. हे आमच्यासाठी." वीटवाल्यांना आता दोन दिवसांचं पाणी आहे. त्यांच्या पाच नव्या भट्ट्यांचे पाये गेल्याच महिन्यात खणून झाले होते, तेव्हा एवढ्या भट्ट्यांना पाणी कुठून, असं मला वाटलं होतं. कारभाऱ्यांची बहीण वीटवाल्यांत दिली आहे, हे आजच कळलं.

सूर्यास्ताला दोरवाले मनोऱ्यात घुसले. आपली पाटी, तीच लाथ खाल्लेली, खिळ्यावर लटकवायला मला सांगितलं. मी नाही म्हणालो. त्यांनी माझा उजवा हात जिन्याच्या कठड्यावर ठेवला आणि माझ्याच कानशीनं दोन बोटं मोडली. सासरा खाली उभा होता. वर पाहिलं नाही त्यानं. मग त्यांनी स्वतःच पाटी चढवली. वीटवाले आले, ती काढली. पुन्हा चढली, पुन्हा निघाली. चार वेळा. चार वेळांत तीन माणसं जिन्यावरून खाली पडली, त्यांतला एक वीटवाला उठलाच नाही. नळी फुटली. भिंग मी अडीच वर्षं घासलं होतं.

महिना पाचवा, दिवस सहावा. लाकूडवाल्यांचा.

दोर वळायची पडवी जाळली. तीनशे हात लांब, आत डांबर लावलेले दोर. वीटवाल्यांना आग कशी पेटवायची हे शिकवावं लागत नाही. दोन्ही टोकांना एकदम लावली. आत सहाजण होते. मधोमध सापडले, एकमेकांना बिलगून, वितळलेल्या डांबरात. तिथल्या तिथे वेगळे करता आले नाहीत, म्हणून मोजदाद डोक्यांवरून.

ही आत नव्हती. त्यांना बाहेर ओढायला गेली तेव्हा डावा दंड भाजला. हे मला पखालवाल्यानं सांगितलं.

दिवस अकरावा. सोनारांचा.

सासरी गेलो. दारात कुणी अडवलं नाही, कुणी या म्हटलं नाही. मागच्या खोलीत मिठाच्या पेट्या सात. सहा नव्या, एक जुनी. मोडलेल्या घराला दिवस नाही, म्हणून पुरता येत नाही. ही जुन्या पेटीशी बसून मीठ बदलत होती. वरचं मीठ लाल झालं की काढायचं, नवं घालायचं. एका हातानं.

"किती दिवस टिकेल?" मी विचारलं.

"तुम्ही सांगा. तुम्हाला हिशेब येतो."

मी खाली बसलो. बराच वेळ तिचं काम पाहिलं. मग ती माझ्याकडे न बघता बोलायला लागली, लहान मुलाला समजवावं तशी.

"पाटीवाले बाबा जेवायला का यायचे, तुम्हाला अजून कळलं नाही? ते मागायला यायचे. 'यंदा तुमचा दिवस द्याल का?' असं तोंडानं म्हणायचे नाहीत. ताट मागायचे. ताट वाढलं म्हणजे दिला. मग ते सूर्यास्ताला आमची पाटी चढवायचे, आणि तिच्यावरच पुढच्या घराची. एकाच खिळ्यावर दोन. आमची पाटी चढली, म्हणून घर मोडलं नाही. वर दुसऱ्याची, म्हणून दिवस पुढे गेला. आम्ही दार लावून बसायचो. सगळ्या गावाला माहीत होतं. बोलायचं कुणी नाही, एवढंच."

"मला कुणी सांगितलं नाही."

"तुमच्याकडेही आले होते. आपलं लग्न झालं त्या वर्षी, तुमच्या आईकडे. तुम्ही माळ्यावर भिंगं घासत होतात. जेवायला हाक मारली तर खाली आला नाहीत."

पाट्यांच्या तोंडावरचे ओरखडे. नऊ बोटांचा खिळा: तीन आणि तीन, वर तीन आधाराला. पाच वर्षं, तीस घरं, प्रत्येकाचा एकेकदा. सगळं माझ्या मोजदादीत होतं. सगळं मी स्वतःच्या हातानं लिहिलं होतं.

मी विचारलं, "त्या दिवशी थोरल्या बाईंनी मला विचारलं, कुणाकडे जेवलात..."

"त्या ताट वाढायला तयार होत्या," ही म्हणाली. "पाळी त्यांचीच होती." आणि मिठाची मूठ पेटीत टाकली.

दिवस अठ्ठाविसावा. चाकवाल्यांचा.

या महिन्यातही एक दिवस जायला हवा, नाहीतर पुढच्या पौर्णिमेला मिठागर पुन्हा बुडेल. सतरा दिवस मी दुसरा उपाय शोधला. नाही.

दुपारी वीटवाल्यांच्या दाराशी जाऊन उभा राहिलो. अंगण ओलांडताना पावलं मोजली नाहीत. प्रयत्न करून मोजली नाहीत. दोन जवान काठ्या घेऊन आले. एकानं माझ्या तोंडात मारली, आणि ओठ फाटला. मी तसाच उभा राहिलो आणि म्हणालो, "जेवायला आलोय."

त्यांनी एकमेकांकडे पाहिलं. आतून थोरल्या बाईंचा आवाज आला, "येऊ द्या त्याला."

त्यांनी स्वतः ताट वाढलं. ताटापुढे दिवा ठेवला. समोर बसल्या. खोलीच्या कोपऱ्यात धाकट्याच्या चपला होत्या, जोडीनं लावलेल्या. घास तोंडात घातला तर रक्ताची चव आली, माझ्याच. डाव्या हातानं जेवताना अर्धं सांडलं.

"दोन महिने उशीर केलात," त्या म्हणाल्या.

"हो."

"माझा मुलगा खूप हसायचा. नको तिथे हसायचा. त्या दिवशीही हसत होता ना?"

"हो."

"आणि तो दुसरा? पहिली वीट माझी होती. चुकवली मी. वाटलं, थोरलीनं चुकवली म्हणजे बाकीचे समजतील. नाही समजले. हल्ली कुणाला काही न बोलता समजत नाही."

मी खाली मान घालून जेवत राहिलो.

"कारभाऱ्यांना मी बघून घेईन. भट्ट्या माझ्या आहेत, त्यांच्या बहिणीच्या नाहीत. पाटी चढवा दोरवाल्यांची आमच्यावर. हरकत नाही."

मग मी त्यांना सांगितलं की चढवता येणार नाही. खिळा चार बोटांचा आहे. मी कापला. का कापला, तेही सांगितलं. आजवर मी कुणापुढे एवढा वेळ माझ्या चुकीबद्दल बोललो नव्हतो. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. उठल्या, चपलांमागच्या फळीवरून फडक्यात गुंडाळलेलं काहीतरी काढलं आणि ताटाशेजारी ठेवलं.

टोचा. धुतलेला नव्हता.

"पुरेल लांबीला?"

"पुरेल," मी म्हणालो.

"सांडलेलं उचला. आणि मी दार लावते आता. आमच्याकडे सगळ्यांना ताप आहे."

दिवस तिसावा. दोरवाल्यांचा.

काल चाकवाल्यांचा अठ्ठाविसावा होता. आज तिसावा आहे. मनोऱ्याच्या नोंदवहीत असंच लिहिलं आहे, शाईनं, टीप न देता. या वहीतही तेच लिहितो.

टोचा भिंतीत डाव्या हातानं ठोकला. दोनदा हातोडा मोडक्या बोटांवर बसला. आधी वीटवाल्यांची पाटी, तिच्यावर दोरवाल्यांची. वरची हलली की खालचीला घासते. ओरखडा पडणार.

वीटवाल्यांच्या अंगणात आज धूर नव्हता. बाजारात एकानं विचारलं, भट्टी बंद कशी? दुसरा म्हणाला, "ताप आलाय म्हणे." पहिल्यानं मान हलवली आणि मनोऱ्याकडे बघायचं टाळलं.

दोरवाल्यांनी सात पेट्या पुरल्या. मेहुण्याच्या पेटीला चौघांनी खांदा दिला आणि रिवाज नसताना उलट्या पावलांनी चालले, खड्ड्यापर्यंत. चौथा खांदा माझा होता. सासऱ्यानं जागा करून दिली. ही आमच्या समोर सरळ पावलांनी चालत होती, म्हणजे तिचं तोंड आमच्याकडे होतं. एकदा म्हणाली, "मागे दगड आहे, डावीकडे घ्या." मी डावीकडे घेतलं.

ती घरी येईल की नाही, माहीत नाही. विचारलं नाही.

संध्याकाळी टोच्याची लांबी मोजली. भिंतीबाहेर अकरा बोटं. दोन पाट्यांना सहा लागतात, आधाराला एक. चार बोटं जास्त आहेत.

कानस हातात होती. परत ठेवली.